गुडघ्याखालून आलेली कॉफी

लिंडेनबाख, १६ एप्रिल २०२३

कुश्त्रिम,

प्रिय वगैरे लिहिणार नाही. तू तीनदा नंबर बदललास आणि चौथा मला दिला नाहीस, म्हणून हा कागद. इझमीरच्या तुझ्या फुटबॉल क्लबच्या पत्त्यावर पाठवते आहे. तिथल्या कारकुनाने फेकून दिला तर त्याचं पाप त्याला.

बातमी एकच आहे. बाबा कायमचे गावाकडे निघाले. अठ्ठावीस ऑक्टोबरला सामानाची गाडी येईल, इथून थेट आपलं पेया शहर आणि तिथून गाव. एकतीस वर्षं स्विस लोकांच्या छपरांवर कौलं बसवून झाली, आता स्वतःच्या छपराखाली बसायचं म्हणतात. घर तू पाहिलंयस. तळमजला त्यांचा, मधला माझा, वरचा तुझा. वरच्या मजल्याच्या फरश्या त्यांनी स्वतः खांद्यावरून चढवल्या होत्या, तू तेव्हा चौदा वर्षांचा होतास आणि खाली अंगणात भिंतीवर बॉल आपटत होतास.

तर तो वरचा मजला आता चुलतभाऊ ल्युल्झिमला मिळणार आहे. आणि निघण्याआधी, ऑक्टोबरच्या पहिल्या रविवारी, बाबा टायरच्या दुकानावरच्या आपल्या लोकांच्या क्लबात जाणार. सहा वर्षांत त्या जिन्याची पायरी चढले नाहीत, ते त्या दिवशी चढणार आणि सगळ्या पुरुषांसमोर उभं राहून सांगणार की मला मुलगा नाही. एकदा ते तिथे असं बोलले की विषय संपला. तुला माहीत आहे, सुंभ जळेल पण पीळ जायचा नाही.

म्हणून त्याआधी ये. क्लबात ये, तिथल्या वडीलधाऱ्या झ्युमेर काकांसमोर बाबांची माफी माग. तू केलंस, तूच निस्तर. मला तुझा पुळका आलेला नाही. आई जाताना मला म्हणाली होती, या दोघांना कधी एका ताटावरून उठू देऊ नकोस, तेवढ्यासाठी लिहिते आहे.

सादेते


९ मे २०२३

कुश्त्रिम,

तीन आठवडे झाले, उत्तर नाही. शनिवारी मात्र तू अठ्ठ्याऐंशीव्या मिनिटाला मैदानात उतरलास. म्हणजे जिवंत आहेस. पंचविसाव्या वर्षी दोन मिनिटांसाठी बूट बांधायचे, छान प्रगती आहे. एकोणिसाव्या वर्षी तुझ्या नावाची गाणी म्हणत होते लोक.

तू विसरला असशील तर आठवण करून देते.

२०१७चा ऑगस्ट. आपल्या देशाचा संघ नुकता उभा राहिला होता आणि पोरं गोळा करत फिरत होते. झ्युमेर काकांनी क्लबात बाबांना विचारलं, "हझीर, तुझा पोरगा कुणाचा? आपला की यांचा?" बाबांनी छातीवर हात ठेवून बेसा दिली. शब्द. चाळीस माणसं होती तिथे. म्हणाले, माझा मुलगा आपलाच शर्ट घालेल. तू तेव्हा बाझेलमध्ये सरावाला होतास, तुला कुणी विचारलंही नाही. पण आपल्यात मुलाचा शब्द बाप देतो, यात नवीन काय आहे?

मग तीन आठवड्यांनी तो ब्रुनर आला, स्विस राष्ट्रीय संघाचा माणूस, निळं जॅकेट घालून. स्वयंपाकघरात बसला. मी पालकाची भाजी भरून पीता भाजली होती, त्याने तीन तुकडे खाल्ले. बाबांना जर्मन येते ती कौलं, शिडी, ओलं, कोरडं एवढीच. ब्रुनर म्हणाला की दोनच सामने आहेत, चाचणीसारखे, नंतर मुलगा हवा तिकडे जाऊ शकतो. बाबा म्हणाले, दोन सामने यांचे, मग आपले, तर माझा शब्द शाबूत आहे. आणि त्यांनी हो म्हटलं.

आपल्याला फसवलं त्याने. तू खेळलास, एक्काहत्तराव्या मिनिटाला उतरून डोक्याने गोल मारलास, आणि दुसऱ्या दिवशी पेपरात आलं की आता हा कायमचा इकडचा झाला, दुसऱ्या देशाचं दार बंद. बाबा रविवारी क्लबात गेले. झ्युमेर काकांनी कॉफी केली, सगळ्यांना हातात दिली आणि बाबांची वेळ आली तेव्हा डावा पाय स्टुलावर ठेवला आणि कप गुडघ्याखालून पुढे केला. शब्द मोडणाऱ्याला देतात तसा. आपल्या आजोबांच्या काळानंतर मी तरी हे कुठे झालेलं ऐकलं नव्हतं. बाबांनी कपाला हात लावला नाही. टोपी घेतली आणि घरी आले.

त्या संध्याकाळी तू पिशवी खांद्यावर टाकून दारात उभा राहिलास. बाबांनी एकच विचारलं. "तुला माहीत होतं?" तू म्हणालास, "हो." पुढे एक अक्षर नाही. मूग गिळून बसलास. त्यांनी दार लावलं.

तेव्हापासून बाबा बाल्कनीत एकटे कॉफी पितात. सहा वर्षं. खाली रस्त्यावरून आपली माणसं जाताना दिसली की कप घेऊन आत येतात. हे तुझं कर्तृत्व आहे.

सादेते


२ जून २०२३

कुश्त्रिम,

तुझं कार्ड मिळालं. पुढे समुद्र, घड्याळाचा मनोरा, मागे एकच ओळ. "ताई, त्या दिवशी स्वयंपाकघरात बोलत कोण होतं?"

वा. सहा वर्षांनी तोंड उघडलंस ते हे विचारायला.

मी याचं उत्तर देणार नाही. मी तुझ्या खटल्यात आरोपी नाही. मी तुझी बहीण आहे, जिने आईनंतर तुझे मोजे धुतले, जी तुझ्या शाळेच्या सभांना आई म्हणून जाऊन बसली, जिने तुझ्या पहिल्या करारावर काय लिहिलंय ते बाबांना ओळ न ओळ समजावून सांगितलं. आठ वर्षांची होते तेव्हापासून मी या घराची जीभ आहे. डॉक्टरकडे मी, घरमालकाकडे मी, आईला गाठ निघाली तेव्हा ते वाक्यही तिला मीच सांगितलं. तू काय केलंस? बॉल मारलास. सगळे म्हणायचे त्याला त्रास देऊ नका, त्याचा सामना आहे.

आणि गावात काय चालतं ते तुला काय माहीत. मी अजून पिवळी बस चालवते, स्टेशन ते वरचं चर्च, दिवसाला चौदा फेऱ्या. प्रत्येक थांब्यावर कुणीतरी विचारतंच, भाऊ काय म्हणतो? तू जर्मनीत होतास तेव्हा दात काढून विचारायचे. तुझा घोटा मोडला, तू दोन हंगाम पडून राहिलास, तेव्हा मान हलवून विचारायचे. आता तुर्कस्तानात गेल्यावर विचारत नाहीत, तिकीट दाखवतात आणि मागे जाऊन बसतात. आपल्या लोकांना तू परका आणि या लोकांना तू संपलेला. दोन्हीकडून गेलास.

कार्ड मी फाडलं. बाबांच्या हाती लागलं असतं तर?

सादेते


२० ऑगस्ट २०२३

कुश्त्रिम,

काल तू बारा मिनिटं खेळलास. मी पाहिलं, कुठे पाहिलं ते विचारू नकोस.

बरं, सांगते. तळघरात. बाबा त्यांची हत्यारं ठेवतात तिथे. मी कपडे वाळत घालायला खाली गेले तर दाराच्या फटीतून उजेड. आत बाबा उलट्या बादलीवर बसलेले, मांडीवर टॅब, आवाज बंद. तू दिसत होतास. मला वाटलं होतं त्यांना टॅब चालू करता येत नाही. मला पाहून त्यांनी लपवला नाही, फक्त म्हणाले, "डावा पाय अजून उशिरा टाकतो." मग बंद केला आणि करवतीला तेल द्यायला लागले.

दर शनिवारी जातात ते तळघरात. मला वाटायचं आवराआवर करतात.

त्यानंतर मला झोप नाही, म्हणून लिहिते आहे. हे वाचून खूश होऊ नकोस. तुझ्यावरचा राग तेवढाच आहे.

बोलत मी होते. झालं समाधान?

ब्रुनर खोटं बोलला नव्हता. भला माणूस होता. त्याने पीता बाजूला सारली, हात टेबलावर ठेवले आणि सावकाश, बाबांना कळावं म्हणून बाबांकडे बघत म्हणाला की हा सामना अधिकृत आहे, एकदा तुमचा मुलगा हा खेळला की दुसऱ्या देशाकडून त्याला कधीही खेळता येणार नाही, नीट विचार करून सांगा. बाबा माझ्याकडे वळले. मी म्हणाले, "बाबा, तो म्हणतो दोनच सामने, चाचणीसारखे. नंतर आपल्याकडे जाता येईल."

इतकं सोपं होतं ते. आवाजही बदलला नाही माझा.

कशासाठी ते तुला माहीत आहे. तरी लिहिते, कारण मी ते कधी कुठे लिहिलेलं नाही. पासपोर्टसाठी. २०१४ला माझा नागरिकत्वाचा अर्ज गावाच्या मताला आला तेव्हा त्या गावसभेच्या हॉलमध्ये मी पुढच्या खुर्चीवर बसले होते आणि माझ्यामागे दोनशे माणसांनी हात वर केले, नको म्हणायला. कारण काय, तर मी गावातल्या एकाही मंडळात नाही. मग मी बायकांच्या व्यायाम मंडळात गेले, दोन वर्षं त्यांच्यासोबत उड्या मारल्या. २०१६ला पुन्हा हात वर. या वेळी हुन्झिकर बाई उठून म्हणाल्या, ही मुलगी नमस्कार करत नाही. मी, कुश्त्रिम, जी दिवसाला चौदा फेऱ्यांत प्रत्येक चढणाऱ्याला नमस्कार करते. चार वर्षांची असताना आले मी इथे. याच गावात माझे दुधाचे दात पडले.

तिसरी सभा २०१७च्या नोव्हेंबरात होती. तू ऑक्टोबरात गोल मारलास. हॉलमध्ये कुणीतरी ओरडलं, ही आपल्या कुश्त्रिमची बहीण. सगळे हसले, टाळ्या वाजल्या, आणि हात वर झाले, या वेळी हो म्हणायला. हुन्झिकर बाईंचाही.

पासपोर्ट लाल आहे. मी तो घेऊन एकदाही कुठे गेले नाही.

सादेते


१७ सप्टेंबर २०२३

कुश्त्रिम,

चार पानं. तुला एवढं लिहिता येतं हे मला माहीत नव्हतं.

तू लिहितोस की तू सगळं ऐकलंस, समजलास, आणि माझ्यासाठी गप्प बसलास. दुसऱ्या सभेनंतर मी शेवटच्या थांब्यावर रिकाम्या बसमध्ये गणवेशातच दोन तास बसले होते आणि तू सायकल घेऊन शोधायला आला होतास, ते तुला आठवत होतं म्हणे. म्हणून बाबांनी विचारलं तेव्हा "हो" एवढंच म्हणालास आणि शिक्षा स्वतःवर घेतलीस. चोर सोडून संन्याशाला फाशी, असंच ना?

पण तू संन्यासी नव्हतास रे. मी टेबलापलीकडे बसले होते. मी खोटं बोलले तेव्हा मी तुझ्याकडे पाहिलं, तू म्हणशील म्हणून, "ताई, तो असं नाही म्हणाला." तू नजर खाली केलीस आणि पीतेचा तुकडा उचललास. तुलाही तेच हवं होतं. तुला मोठी मैदानं हवी होती, जर्मनी हवी होती, आपला संघ तेव्हा उधारीच्या मैदानावर खेळत होता. तुझी इच्छा मी माझ्या तोंडाने बोलले आणि पाप माझ्या पदरात पडलं. वर तू त्याग केल्याचा आव आणतोस. चीड येते मला तुझी.

तू लिहितोस की मी बाबांना सांगावं, तरच तू येशील. नाही. मी आता त्यांना सांगू? चाळीस दिवसांत ते निघताहेत. त्यांच्या घरात राहणारं, त्यांचं जेवण करणारं, त्यांच्या गोळ्या मोजून देणारं माणूस एकच आहे, ते मी. तेही खोटं निघालं तर गावाकडे ते कुणाच्या भरवशावर जातील?

तू सहा वर्षं गप्प बसलास, अजून एक दिवस बस. ये, माफी माग, काकांची ती कॉफी घे आणि पिऊन टाक. तुझं काय जातं? तू नाहीतरी इथे राहत नाहीस. मला इथे राहायचं आहे, याच बसमध्ये.

हे किती नीच आहे ते मला कळतं. तरी मागते आहे.

सादेते


१ ऑक्टोबर २०२३, रविवार

कुश्त्रिम,

तुझी तार असावी तसा निरोप मिळाला. "नाही ताई. तू सांग." तुझ्या क्लबच्या कारकुनाकडून पाठवलास, पाठिराख्याला सही पाठवतात तशा पाकिटात.

म्हणून काय झालं ते ऐक.

आज बाबांनी सकाळी दाढी केली, काळा कोट घातला. मी ड्युटीवर होते. दोनच्या फेरीला स्टेशनच्या शेवटच्या थांब्यावर पोचले, तो थांबा टायरच्या दुकानासमोर आहे हे तू विसरला नसशील. बस तिथे नऊ मिनिटं थांबते. मी पाहिलं तर बाबा कठडा धरून तो जिना चढत होते. पाठ सरळ ठेवायचा प्रयत्न चालला होता. मी इंजिन बंद केलं. मागे हुन्झिकर बाई आणि त्यांची मैत्रीण बसल्या होत्या, त्यांना म्हटलं, आलेच. आणि वर गेले.

त्या खोलीत बायका ध्वजाच्या दिवशी तेवढ्या जातात, पीता आणि ताटं घेऊन. मी गणवेशात, गळ्यात किल्ल्यांची दोरी. पत्ते थांबले. बाबा मध्यभागी उभे होते, टोपी हातात. ते म्हणत होते, "मी जायच्या आधी एक गोष्ट सांगणार आहे. मला मुल..."

मी म्हणाले, "बाबा, थांबा. ब्रुनर खोटं बोलला नव्हता. कुश्त्रिमही नाही. मी बोलले."

झ्युमेर काका म्हणाले, "पोरी, खाली जा. ही बायकांची जागा नाही."

"काका, मला सातच मिनिटं आहेत. नंतर जाते."

बाबांनी मला बसायला सांगितलं नाही. विचारलं, "तो काय म्हणाला होता? जसंच्या तसं."

मी आधी जर्मनमध्ये सांगितलं, ब्रुनर बोलला तसं, मग आपल्या भाषेत. एकही शब्द न गाळता. आणि तेव्हाही मला बसच्या घड्याळाची काळजी वाटत होती, इतकं माणूस मूर्ख असतं.

"कशासाठी?"

"पासपोर्टसाठी."

"आणि तो? पोरगा?"

"त्याने ऐकलं. गप्प बसला."

बाबा शेगडीकडे गेले. काकांच्या हातून लांब दांड्याचं भांडं काढून घेतलं, पाणी, साखर, कॉफी, सगळं स्वतः घातलं. दोनदा फेस वर येऊ दिला. मला वाटलं आता काकांना देतील, किंवा स्वतः घेतील. त्यांनी स्टूल पायाने ओढलं, डावा पाय त्यावर ठेवला, तो दुखरा, छपरांनी खाल्लेला, आणि कप गुडघ्याखालून माझ्यापुढे धरला.

काका म्हणाले, "हझीर, बाईला ही कॉफी देत नाहीत."

बाबा म्हणाले, "शब्द मोडायला बाई चालते, तर कॉफीलाही चालेल."

मी घेतली. वाकावं लागतं, कुश्त्रिम, कप खाली असतो ना. चाळीस पुरुषांसमोर बापाच्या गुडघ्यापर्यंत वाकले आणि उभ्यानेच पिऊन टाकली. जीभ भाजली. कप काकांच्या टेबलावर ठेवला आणि खाली आले.

बस दोन मिनिटं उशिरा सुटली. हुन्झिकर बाई घड्याळ बघून म्हणाल्या, "आज उशीर?" मी त्यांना नमस्कार केला आणि गिअर टाकला. मग पुढच्या वळणापर्यंत मला रस्ता नीट दिसत नव्हता. रडत होते. लिहिते आहे तसंच खरं आहे ते.

ते वाक्य बाबांनी पूर्ण केलं नाही, एवढं मला नंतर कळलं. मी गेल्यावर ते टोपी घालून निघून आले.


२ ऑक्टोबर

कालचं पत्र टाकलं नव्हतं, बरं झालं. आज सकाळी बाबा स्वयंपाकघरात आले. कालपासून माझ्याशी बोलले नव्हते. त्याच खुर्चीवर बसले आणि म्हणाले, "कागद घे. मी सांगतो, तू लिही." मी म्हटलं, तुम्हाला लिहिता येतं. म्हणाले, "येतं. पण तूच लिही." खाली ते सांगतात ते आहे.

कुश्त्रिम. मी हझीर. तुझी बहीण लिहिते आहे. पत्र मिळालं की मला फोन कर आणि हे मोठ्याने वाचून दाखव. तिने काय लिहिलं ते मला तुझ्या तोंडून ऐकायचं आहे. एक शब्द इकडचा तिकडे झाला तर मला कळेल, म्हणून मी थोडंच बोलणार आहे.

त्या दिवशी या टेबलाशी दोन्ही भाषा येणारी दोन माणसं होती. एक खोटं बोललं, एक गप्प बसलं. मी तुम्हा दोघांना त्या भाषा यायला हव्यात म्हणून शाळेत घातलं होतं.

तू "हो" म्हणालास आणि बहिणीला वाचवलंस. त्याआधी बापाला वाचवायचं होतंस.

शब्द मी दिला होता. पळायचं तुझ्या पायांनी होतं आणि शब्द मी दिला. तो द्यायला नको होता. हे मी झ्युमेरला सांगितलेलं नाही, सांगणारही नाही. तुला सांगतो.

पण दिला होता आणि तो मोडला. कुणीही मोडला तरी माझाच होता. झ्युमेरकडे माझी ती कॉफी सहा वर्षं राहिली आहे. बावीस तारखेला, रविवारी, मी ती पिणार आहे. त्या दिवशी तुझा सामना नाही, मी पाहिलं आहे. ये आणि माझ्या डाव्या हाताला बस. बहीणही येईल, झ्युमेरला काय म्हणायचं ते म्हणू दे. तू काही बोलायचं नाही. गप्प बसणं तुला जमतं.

वरच्या मजल्याची किल्ली ल्युल्झिमला दिलेली नाही. तुलाही दिलेली नाही. माझ्या खिशात आहे.

इथवर बाबा. मी त्यांना म्हटलं, वाचून दाखवू का? म्हणाले, "तू नको."

मग दाराशी जाऊन परत वळले आणि आणखी एक वाक्य बोलले, तुझ्याबद्दल. माझं पेन कागदावर टेकलं तसे म्हणाले, "हे लिहू नकोस." मी लिहिलेलं नाही. काय होतं ते मला माहीत आहे, पण सांगणार नाही. फोन करशील तेव्हा त्यांनाच विचार. आपला नंबर तोच आहे.

सादेते